दामदुप्पट आणि घराचा हप्ता

कुणी घर घेतले असे कळले, की आपल्याकडे पहिला प्रश्न येतो, कुठे घेतले? दुसरा येतो, हप्ता किती बसतो? साताऱ्यात गोडोलीला घेतले, सांगलीत विश्रामबागला घेतले, कऱ्हाडजवळ मलकापूरला घेतले, असे काहीतरी उत्तर मिळते आणि ऐकणारा मान डोलावतो. हप्ता सतरा हजार म्हटले, की समोरच्याचा पगार मनातल्या मनात आठवून तो पुन्हा मान डोलावतो. चौकशी इथे संपते. किती वर्षे, हा तिसरा प्रश्न सहसा कुणी विचारत नाही. आणि घराची खरी किंमत नेमकी त्या तिसऱ्या प्रश्नात दडलेली असते.

मंडळी, मी शब्दांचा माणूस आहे, आकड्यांचा नव्हे. म्हणून सुरुवात शब्दांपासूनच करतो. ‘हप्ता’ हा शब्द फारसीतून आला. ‘हफ्त’ म्हणजे सात, आणि हप्ता म्हणजे सात दिवसांचा आठवडा. आठवड्याला द्यायची रक्कम तो हप्ता. पुढे तो महिन्याचा झाला, तरी नाव तेच राहिले. ‘कर्ज’ आणि ‘जामीन’ हे शब्द अरबीतून आले. ‘व्याज’ मात्र संस्कृत. संस्कृतात व्याज म्हणजे निमित्त, बहाणा. निर्व्याज प्रेम म्हणतो ना आपण, ते यावरूनच. ज्यात काही आडपडदा नाही ते निर्व्याज. गृहकर्जाच्या व्याजात कपट असते असे मला म्हणायचे नाही. पण ते पटकन दिसत नाही, हप्त्याच्या आड उभे असते, एवढे मात्र खरे.

ते आड उभे राहिलेले व्याज आता समोर आणू. उदाहरणासाठी वीस लाखांचे कर्ज धरू, व्याजाचा दर साडेआठ टक्के आणि मुदत वीस वर्षे. दर कमीजास्त होत असतात, पण हिशोबाची रीत तीच राहते. या कर्जाचा महिन्याचा हप्ता येतो १७,३५६ रुपये. वीस वर्षांचे हप्ते होतात २४०. त्यांची बेरीज ४१ लाख ६५ हजारांच्या पुढे जाते. म्हणजे घेतले वीस लाख, आणि त्यावर व्याज दिले साडेएकवीस लाखांहून अधिक. एका घरासाठी कर्ज काढले आणि दोन घरांचे पैसे भरले.

हे असे का होते? पहिल्याच महिन्याचे बघा. वीस लाखांवर साडेआठ टक्क्यांनी वर्षाचे व्याज होते १ लाख ७० हजार. त्याचा बारावा हिस्सा १४,१६७ रुपये. आपण हप्ता भरला १७,३५६. त्यातून आधी व्याज वळते झाले. मुद्दलाच्या वाट्याला राहिले ३,१८९ रुपये. दुसऱ्या महिन्याला मुद्दल तेवढेच कमी झालेले असते, म्हणून व्याज जेमतेम बावीस-तेवीस रुपयांनी उतरते आणि तेवढेच मुद्दलाकडे जास्त जातात. ही चाल मुंगीच्या पावलाची. पहिल्या वर्षात आपण एकूण २ लाख ८ हजार रुपये भरतो, त्यातले मुद्दलात जमा होतात सुमारे ३९,८०० रुपये. पाच वर्षांनी १० लाख ४१ हजार भरून झालेले असतात आणि कर्ज उतरलेले असते फक्त २ लाख ३७ हजारांनी. वीस लाखांचे दहा लाख होण्यासाठी तेरा वर्षे आणि दहा महिने लागतात. वीस वर्षांच्या वाटेवर निम्मे ओझे उतरते ते चौदाव्या वर्षी.

पाच वर्षांनी कुणी घर विकायला काढतो किंवा कर्ज फेडायला जातो, आणि शिल्लक रकमेचा आकडा ऐकून चिडतो. इतके भरले ते गेले कुठे, असे विचारतो. ते कुठे गेले नाहीत. ती लबाडी नाही, ते गणित आहे. जोवर मुद्दल मोठे, तोवर व्याज मोठे. ज्याचे पैसे आपण वापरतो आहोत, तो वापराचे भाडे घेतो. पैसे जितके जास्त दिवस वापरू, तितके भाडे जास्त.

म्हणून सगळे येऊन थांबते ते मुदतीवर. तेच वीस लाख, तोच साडेआठ टक्के दर, पण मुदत पंधरा वर्षांची घेतली, तर हप्ता येतो १९,६९५. महिन्याला २,३३८ रुपये जास्त. पण एकूण व्याज होते साधारण १५ लाख ४५ हजार. म्हणजे सहा लाख वीस हजार वाचले. आता उलट बाजूने जाऊ. मुदत तीस वर्षांची केली, तर हप्ता उतरतो १५,३७८ वर. महिन्याला दोन हजार रुपये हलके वाटते. पण व्याज होते ३५ लाख ३६ हजार. त्या दोन हजारांच्या सुखासाठी पावणेचौदा लाख रुपये जास्त मोजले. दुकानात भाजीवाल्याशी दोन रुपयांसाठी घासाघीस करणारे आपण, या कागदावर मात्र ‘हप्ता कमी करून द्या’ एवढेच म्हणतो आणि सही करतो.

आपल्या मुलखात या गोष्टीसाठी एक जुना शब्द आहे, दामदुप्पट. धर्मशास्त्रातला हा नियम. व्याज साचत साचत मुद्दलाइतके झाले, की त्यापुढे धनकोने मागू नये. दाम दुप्पट झाला, तिथे थांबावे. इंग्रजी अमलातल्या मुंबई इलाख्याच्या न्यायालयांनीही हा नियम मानला. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी नियमन कायद्यातही सावकाराला मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करायला मनाई आहे.

हा शब्द आपल्या दारातल्या इतिहासाशीही बांधलेला आहे. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांकडची कर्जखते हिसकावून जाळली. पुणे आणि नगर जिल्ह्यांत गावोगाव तसे झाले. शेतकऱ्यांचा राग मुख्यतः त्या कागदांवर होता. आपण किती घेतले, किती फेडले आणि आता किती उरले, हे ज्या कागदावर लिहिलेले असे, तो त्यांना वाचता येत नव्हता. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जाविषयीचा कायदा आला. तो लागू झालेल्या चार जिल्ह्यांत पुणे, नगर आणि सोलापूर यांच्याबरोबर आपला सातारा होता. आजच्या सांगली जिल्ह्याचा बराच भाग तेव्हा साताऱ्यातच मोडत असे. १९४९ मध्ये दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्याचे नाव सांगली पडले. त्या कायद्याने न्यायाधीशाला कर्जखताच्या मागे जाऊन मूळ मुद्दल किती आणि त्यावर चढवलेले व्याज किती, हे उकलून पाहण्याचा अधिकार दिला. भरलेल्या पैशांची पावती, वर्षाचा खातेउतारा आणि पासबुक मागण्याचा हक्क शेतकऱ्याला दिला. कर्ज घेणाऱ्याला हिशोब कळला पाहिजे, ही गोष्ट आपल्याकडे कायद्याने तेव्हा मान्य केली.

आता दामदुप्पट बँकेच्या गृहकर्जाला लागू होत नाही. तो मूळ नियम थकून साचलेल्या व्याजाचा, आणि सावकारी कायदा बँकांना लागत नाही. बँक म्हणजे जुना सावकार असेही कुणी समजू नये. सावकार जमीन बळकावायचा आणि दर तोंडाला येईल तो लावायचा. बँकेच्या दाराशी नियम आहेत, तक्रारीला जागा आहे. पण आपल्या समजुतीसाठी दामदुप्पट हे चांगले मापटे आहे. साडेआठ टक्के दराने अठरा-साडेअठरा वर्षांच्या मुदतीपर्यंत एकूण व्याज मुद्दलापेक्षा कमी राहते. एकोणिसाव्या वर्षाच्या आसपास दोन्ही सारखे होतात. त्यापुढे आपण दामदुप्पट ओलांडतो. दर वाढला तर ही रेघ अलीकडे सरकते, उतरला तर पलीकडे. सही करण्यापूर्वी आपली रेघ कुठे आहे, एवढे विचारले तरी पुरे.

पण सही करताना वीस वर्षे लिहिली होती, म्हणून ती वीसच राहतील असेही नाही. आपल्याकडची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. बँकांनी दिलेल्या बदलत्या दराच्या नव्या गृहकर्जांचा दर १ ऑक्टोबर २०१९ पासून बाहेरच्या एखाद्या दराशी, बहुधा रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, जोडलेला असतो. रेपो वाढला की आपला दर वाढतो. मे २०२० पासून दोन वर्षे रेपो दर चार टक्क्यांवर होता. घरे घेण्याची झुंबड उडाली. मे २०२२ पासून तो वाढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्क्यांवर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के.

त्याचा परिणाम कसा होतो पाहा. कुणी सात टक्क्यांनी वीस लाख घेतले, वीस वर्षांसाठी. हप्ता १५,५०६. दोन वर्षे बिनचूक भरले. शिल्लक राहिले साधारण १९ लाख १ हजार. अठरा वर्षे उरली. मग दर साडेनऊ झाला असे धरू. त्या शिलकीवर महिन्याचे व्याजच झाले १५,०५३ रुपये. हप्ता तोच ठेवला, तर मुद्दलात जमा होणार ४५३ रुपये. या गतीने कर्ज फिटायला अठरा नव्हे, सदतीस वर्षे लागतील. हप्ता वाढला नाही, म्हणून घरात कुणाला काही कळलेही नाही. चाळिशीतला शिक्षक पगारातून तेच पंधरा हजार कापले जाताना बघतो आणि निश्चिंत असतो. इकडे त्याचे कर्ज त्याच्या निवृत्तीची तारीख ओलांडून गेलेले असते. प्रत्यक्षात अनेक बँकांनी निवृत्तीच्या वयाशी मुदत थांबवून पुढे हप्ता वाढवला. पण तोवर काही महिने मुदत गुपचूप लांबत गेली, हा अनुभव त्या काळात अनेकांनी घेतला. अपशिंग्याचा जवान असेल, तर त्याची निवृत्ती शिक्षकाच्याही कितीतरी आधी येते. त्याने तर मुदतीचा आकडा दर वर्षी तपासायलाच हवा.

या प्रकाराची दखल रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी घेतली. दर बदलताना कर्जदाराला कळवले पाहिजे. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याची मुभा त्याला दिली पाहिजे. ठरलेल्या नियमांनुसार स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय दिला पाहिजे, असे सांगितले. दर तिमाहीला असा उतारा दिला पाहिजे, की ज्यात आजवर वसूल झालेले मुद्दल, व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर लिहिलेला असेल. १८७९ च्या कायद्यात शेतकऱ्याला जो उतारा मिळाला, त्याचाच हा नवा अवतार म्हणायचा. फरक एवढाच, की तेव्हा वाचता येत नव्हते म्हणून कागद अंधारात राहिला. आज वाचता येते, पण उतारा मोबाइलवर येतो आणि उघडला जात नाही.

दर नेहमी चढतच राहतो असेही नाही. २०२५ मध्ये फेब्रुवारी, एप्रिल आणि जून मिळून रेपो दर एक टक्क्याने उतरला. तेव्हा उलटा प्रश्न येतो. हप्ता कमी करून घ्यायचा की मुदत? घरात खरोखर ओढाताण असेल तर हप्ता कमी करून घ्यावा, त्यात कमीपणा नाही. पण चालत्या संसाराला जुना हप्ता अंगवळणी पडलेला असेल, तर तो तसाच ठेवून मुदत उतरवून घेण्यात फायदा आहे.

मुदतीची ताकद किती मोठी, ते २०२० सालीही दिसले. कोविडमध्ये सहा महिने हप्ते थांबवण्याची सवलत मिळाली. कामधंदे बंद होते, अनेकांना तिचा आधार झाला. पण व्याज थांबले नव्हते. आपल्या वीस लाखांच्या उदाहरणात एक वर्ष भरल्यानंतर कुणी सहा हप्ते थांबवले, व्याज मुद्दलात मिळाले आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढे सुमारे २७ हप्ते वाढतात. सहाच्या बदल्यात सत्तावीस.

हेच गणित उलटे फिरवले, की ते आपल्या कामाला येते. त्याच कर्जात एक वर्ष झाल्यावर एक लाख रुपये जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर सव्वीस महिने कमी होतात. एक लाख भरून साडेतीन लाखांहून अधिक व्याज वाचते. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले, तर जेमतेम साडेआठ महिने कमी होतात आणि व्याज वाचते पन्नास हजारांच्या आत. पैसे तेच, वेळ वेगळी.

सातारा-सांगलीच्या माणसाला हे सोयीचे आहे. आपल्याकडे पैसा महिन्याच्या पगारातूनच येतो असे नाही. ऊसबिल येते, हळद विकली जाते, द्राक्षाचे पैसे येतात, दिवाळीचा बोनस येतो, परगावी गलाईचा धंदा करणारा विट्याकडचा भाऊ गावी पैसे पाठवतो. हे पैसे एकरकमी येतात आणि एकरकमीच जातात. त्यातला थोडा भाग पहिल्या पाच-सात वर्षांत मुद्दलात भरला, तर घर लवकर मोकळे होते. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना घेता येत नाही. २०१२ मध्ये रिझर्व्ह बँकेने तो बंद केला. मात्र पैसे भरताना लेखी सांगावे, की हप्ता तोच ठेवा आणि मुदत कमी करा. आणि एक पथ्य पाळावे. दवाखान्याला लागेल तो पैसा हातात ठेवल्याशिवाय कर्जात पैसे घालू नयेत. भिंतीत गेलेला पैसा अडचणीच्या रात्री काढता येत नाही.

व्याजाशिवायही काही रकमा घराच्या किमतीला चिकटलेल्या असतात. मुद्रांक शुल्क ठिकाणाप्रमाणे पाच ते सात टक्के. महिलेच्या नावे निवासी घर घेतले, तर २०२१ पासून त्यात एक टक्का सवलत आहे. नोंदणी शुल्क एक टक्का, जास्तीत जास्त तीस हजार. प्रक्रिया शुल्क, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन वेगळे. इमारत पुरी व्हायची असेल, तर कर्जाची रक्कम जशी उचलली जाते तसे तिच्यावर व्याज सुरू होते आणि पूर्ण हप्ता पुढे लागतो. या काळात भरलेल्या केवळ व्याजाने मुद्दल एक रुपयानेही उतरत नाही. बिल्डरने वर्षभर उशीर केला, तर आपण ते व्याजही भरतो आणि राहत्या घराचे भाडेही भरतो.

मग येतो विमा. कर्जासोबत एकरकमी हप्त्याचा विमा दिला जातो आणि ती रक्कम कर्जातच मिळवली जाते. समजा एक लाख रुपये. साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत त्या एक लाखाचे २ लाख ८ हजार होतात. विमा नकोच असे मी म्हणत नाही. कमावत्या माणसाच्या मागे कर्ज राहू नये, यासाठी विमा असावा. पण तो कर्जात मिळवून घ्यायचा, की दर वर्षी वेगळा भरायचा, हे विचारून ठरवावे. दुसरे, हा विमा माणसाच्या आयुष्याचा असतो, भिंतींचा नसतो. सांगलीकरांना हे २००५, २०१९ आणि २०२१ च्या पुरांनी शिकवले. आयर्विन पुलाजवळची ४५ फुटांची धोक्याची पातळी ओलांडून कृष्णा घरात आली, तळमजल्यावर गाळ साचला, फरशी उखडली, आणि पाच तारखेला हप्ता नेहमीसारखा कापला गेला. घर पाण्यात गेले तरी कर्ज पाण्यात जात नाही. नदीकाठच्या घराला इमारतीचा वेगळा विमा हवा, आणि त्यात पूर धरला आहे का हे वाचून घ्यायला हवे.

आणखी एक शब्द सांभाळून ऐकावा, तो म्हणजे फ्लॅट दर. घराच्या वाढीव कामासाठी, वरचा मजला चढवण्यासाठी माणसे गावातल्या लहान वित्तसंस्थेकडे किंवा पतसंस्थेकडे जातात. तिथे ओळख असते, कागद कमी लागतात, त्या संस्थांचा आधारही मोठा आहे. पण दर दहा टक्के सांगितला, तर तो घटत्या शिलकीवर की फ्लॅट, हे आधी विचारावे. एक लाख, पाच वर्षे, दहा टक्के फ्लॅट म्हणजे पन्नास हजार व्याज आणि महिन्याला अडीच हजार हप्ता. तुम्ही मुद्दल फेडत जाता, पण व्याज मात्र शेवटपर्यंत पुऱ्या लाखावर लागते. घटत्या शिलकीच्या भाषेत हा दर सव्वासतरा टक्के होतो. दहा आणि सव्वासतरा, यांतला फरक एका शब्दाचा.

हे सगळे ऐकून कुणी म्हणेल, मग कर्ज काढूच नये का? तसे नाही. तराजूचे दुसरे पारडेही बघितले पाहिजे. भाड्याच्या घरात वीस वर्षे भाडे जातेच, आणि ते दर वर्षी वाढते. हप्ता त्या मानाने जागच्या जागी राहतो. महागाई दर वर्षी पाच टक्के धरली, तर वीस वर्षांनी भरायच्या १७,३५६ रुपयांची किंमत आजच्या सुमारे साडेसहा हजारांइतकीच असते. ज्याचा पगार वाढत जातो, त्याला शेवटचे हप्ते हलके जातात. ज्याचे उत्पन्न पावसावर आणि बाजारभावावर आहे, त्याला ही खात्री नाही. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते, नव्या पद्धतीत ती मिळत नाही. म्हणजे कर वाचतो म्हणून कर्ज घ्या, हा सल्लाही आता प्रत्येकाला लागू पडत नाही.

मी मुसलमान घरातला. आमच्या धर्मात व्याज घेणेही निषिद्ध आणि देणेही. त्यामुळे आमच्यातली काही घरे आजही कर्ज न काढता बांधली जातात. आधी जागा, मग जोते, मग एक खोली. भिशी लागली की छप्पर, मुलगा कमावता झाला की गिलावा. असे घर डोळ्यांसमोर वाढते आणि पहिल्या दिवसापासून आपले असते. पण ते फुकट होते असे नाही. दहा-पंधरा वर्षे ते बांधत असताना सिमेंट, वाळू आणि गवंड्याची मजुरी चढत राहते, आणि चार माणसे एका खोलीत राहतात. तीही एक किंमतच आहे. कर्ज घेणारा ती पैशात देतो, न घेणारा वेळात आणि गैरसोयीत देतो. दोघांनीही ती जाणून द्यावी, एवढेच माझे म्हणणे.

जाणून घेण्यासाठी आज कागद आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जासोबत बँकांनी आणि गृहवित्त कंपन्यांनी ठळक बाबींचे पत्रक द्यायचे आहे. त्यात व्याज, शुल्क, कर्जाशी जोडलेला विमा असे सगळे धरून येणारा वार्षिक दर लिहिलेला असतो. दोन ठिकाणांची तुलना करायची तर जाहिरातीतल्या दराने करू नये, या दराने करावी. नागरी सहकारी बँकांनाही हा नियम लागू आहे. आधीपासून कर्ज असेल, तर शाखेत जाऊन परतफेडीचे वेळापत्रक मागावे. त्यात प्रत्येक महिन्याचे मुद्दल आणि व्याज वेगवेगळे छापलेले असते. आपला दर नव्या कर्जदारापेक्षा जास्त दिसला, तर तो बदलून मिळेल का आणि त्याचे शुल्क किती, हेही तिथेच विचारावे. कर्ज जुने असेल तर हे विचारणे विशेष गरजेचे.

कर्ज फिटले, की शेवटचे एक काम राहते. गहाण ठेवलेली घराची मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळाली पाहिजेत, असा रिझर्व्ह बँकेचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. संस्थेच्या चुकीने उशीर झाला, तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई द्यावी लागते. कागद घरी आणावेत, सात-बारा किंवा मिळकतपत्रिकेवर बोजा चढवला असेल तर तो उतरवून घ्यावा.

येत्या आठवड्यात एक संध्याकाळ यासाठी काढा. नवरा-बायको दोघांनी मिळून बसा, मुले मोठी असतील तर त्यांनाही बसवा. खातेउतारा पुढे घ्या आणि त्यातल्या दोनच आकड्यांवर बोट ठेवा, उरलेले मुद्दल आणि उरलेले हप्ते. उरलेल्या हप्त्यांना बाराने भागा आणि ती वर्षे आपल्या आजच्या वयात मिळवा. येणारे वय आपल्या निवृत्तीच्या अलीकडे असेल, तर सुखाने झोपा. पलीकडे असेल, तर दुसऱ्या दिवशी शाखेत जा.

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)